हिंटरलानरांचं दार

हिंटरलानर हे आडनाव मी पहिल्यांदा वाचलं ते डोळ्यांनी नाही, कपाळाने. पेनसिल्वेनियातल्या स्टेट कॉलेज नावाच्या गावातल्या त्या भाड्याच्या घरात सामान लावून झालं, कचऱ्याची पिशवी घेऊन मी मागच्या दाराकडे गेले आणि चौकटीच्या वरच्या लाकडावर दाणकन आपटले. डोळ्यांपुढे काजवे चमकले. वर पाहिलं तर काळ्या पडलेल्या लाकडात खोल कोरलेली अक्षरं. घरमालकीणबाई शेगडीपाशी सूप ढवळत होत्या. त्यांनी मागे वळूनही पाहिलं नाही.

"सगळ्यांना लागतं," त्या म्हणाल्या. "वाकायची सवय झाली की समजायचं, तू इथली झालीस."

जे व्हायचं ते कपाळावर लिहिलेलं असतं असं आपल्याकडे म्हणतात. मी बर्फ चोळत बसले, आणि हे कपाळावरचं लिखाण आठवड्याभरात उतरेल अशी माझी समजूत होती.

बाकी घर चारचौघांसारखंच होतं. पांढऱ्या पट्ट्यांच्या भिंती, तळघरात कपडे धुण्याचं मशीन, मागच्या ओसरीवर पत्र्याचं उतरतं छप्पर. फक्त ते मागचं दार तिथलं नव्हतं. बुटकं, हातभर रुंद फळ्यांचं, लोखंडी बिजागऱ्यांचं. टी-शर्टला पैठणीचा काठ लावावा तसं ते त्या भिंतीत बसवलं होतं. घराचं भाडं मात्र कमी होतं, आणि २००१च्या त्या ऑगस्टमध्ये माझ्या आणि केतकीच्या दृष्टीने घराचा सगळ्यात मोठा गुण तोच होता. केतकी नागपूरची. सिव्हिल इंजिनिअरिंगमध्ये काँक्रीटवर रिसर्च करायची, आणि तिचा आवाज असा की काँक्रीटला तडे जावेत.

या आवाजावरूनच आमचं आणि बाईंचं पहिलं वाजलं. मला खाली फोन आला होता. केतकी जिन्याखालून ओरडली, "अनघाऽऽ, फोन आहे यार, तुझ्या आईचा!" बाई बागेतून तरातरा आत आल्या. चिडल्या नव्हत्या, पांढऱ्या पडल्या होत्या.

"या घरात कुणी कुणाला हाका मारायच्या नाहीत," त्या म्हणाल्या. "ज्याच्याशी बोलायचं असेल त्याच्यापर्यंत चालत जायचं."

"पण मिसेस एच, ती तर अपस्टेअर्स होती."

"मग वर चालत जायचं."

तेव्हापासून आम्ही जिने चढत राहिलो. केतकी त्यांना माघारी 'हिंटूआजी' म्हणायची आणि म्हातारीला बीपी असणार असं निदान करून मोकळी झाली होती.

बाई तेव्हा सत्तरीच्या पुढे होत्या. उंच, सडसडीत, पाठ ताठ. घरात असताना डोक्यावर पुरुषी फेल्टची हिरवट टोपी, आणि बाहेर जाताना ती काढून खुंटीला लावायची, म्हणजे जगाच्या बरोबर उलटं. सफरचंदाला मीठ लावून खायच्या. मी त्यांना एकदा आमच्या तिखट-मीठ लावलेल्या कैरीचं वर्णन करून सांगितलं, तेव्हा त्यांनी माझ्याकडे नातेवाइकासारखं पाहिलं. आयुष्यभर त्यांनी गावातल्या एका दातांच्या डॉक्टरांकडे नोकरी केली होती. वेटिंग रूमच्या दारात उभं राहून पेशंटचं नाव पुकारायचं आणि कोण उठतंय ते बघायचं. कुठल्याही देशातल्या माणसाचं नाव आपण कधी चुकीचं उच्चारलं नाही, हा त्यांचा एकमेव गर्व. माझं आडनाव विद्यापीठातल्या कुणालाही धड जमलं नाही. प्रोफेसर 'मॅपॅन्कर' म्हणायचे, बँकेतली मुलगी तर पहिल्या अक्षरालाच हसून शरण यायची. बाईंनी एकदा ऐकलं आणि 'म्हापणकर' असं म्हणाल्या की मला आमच्या शाळेतली हजेरी आठवली. घर सोडून दोन महिने झाले होते, दुसरं काय.

न्यूयॉर्कचे टॉवर पडले त्या सप्टेंबरनंतर गावातली काही माणसं आमच्याकडे जरा टक लावून पाहायला लागली होती. एका शनिवारी शेजारच्या गल्लीतला एक माणूस गाडी थांबवून दारात उभ्या असलेल्या बाईंना विचारू लागला, या दोन मुली कोण, कुठल्या. आम्ही ओसरीवर पानं गोळा करत होतो, सगळं ऐकू येत होतं. बाईंनी टोपी नीट केली आणि म्हणाल्या, "त्या हिंटरलानर आहेत." तो माणूस बघतच राहिला आणि निघून गेला. आम्हाला खूप हसू आलं. मला तर इतकं बरं वाटलं की मी त्या रात्री त्यांच्यासाठी गोडा मसाला घालून वरण केलं. त्या हसल्या नव्हत्या, हे मला फार नंतर आठवलं.

वरण खाताना त्यांनी विचारलं, "म्हापणकर म्हणजे काय?"

मी सांगितलं की म्हापण हे कोकणातलं गाव आणि 'कर' म्हणजे तिथला. आमचं तिथे आता घरसुद्धा नाही, पण नाव राहिलंय.

त्यांनी चमचा खाली ठेवला. "मग तुला समजेल. आम्हीही तसेच." टिरोलच्या डोंगरात, उंचावरच्या एका दरीत त्यांचं घर होतं. डोंगरावरून बर्फाचा लोट कोसळतो त्याला तिकडे 'लान' म्हणतात. 'हिंटर' म्हणजे मागे. आणि शेवटचा 'र' म्हणजे तुमचा 'कर'. जिथून लोट येतो त्या वाटेच्या मागे राहणारे ते हिंटरलानर. "पण एक फरक आहे," त्या म्हणाल्या. "तुझं नाव माणसाबरोबर फिरतं. आमचं नाव घराचं आहे. घरात जो राहील तो हिंटरलानर. सून आली, जावई आला, गुरं राखायला गडी आला, शेवटी घर ज्याच्या हाती राहिलं त्याचं ते नाव. आणि जो घर सोडून गेला, तो जिथे गेला तिथला."

"म्हणजे बिल्डिंगच्या नावावरून आडनाव," केतकी मला मराठीत म्हणाली. "माझे काका मग 'साईकृपा फेज टू' झाले असते यार."

"आडनाव म्हणजे खुंटीवरचा कोट," बाई म्हणाल्या. "ज्याला थंडी वाजत असेल त्याने घालावा." हे त्यांचं आवडतं वाक्य होतं. महिन्यातून एकदा तरी ऐकायला मिळायचं.

जिन्याच्या भिंतीवर त्या घराण्यातल्या नामवंतांच्या तसबिरी होत्या. बाई त्यांच्याबद्दल बोलायच्या ते कालपरवाच्या बातमीसारखं. कास्पर घंटा ओतणारा. त्याच्या घंटा त्या दरीतल्या देवळांत होत्या आणि वादळ यायच्या आधी कुणी न वाजवता त्या गुणगुणायच्या म्हणे. उर्सुला हाडं बसवणारी. घाट ओलांडून लोक मोडलेले पाय घेऊन तिच्याकडे यायचे. चित्रात तिचे हात तिच्या चेहऱ्यापेक्षा मोठे होते. आलोइस वाटाड्या. मोठमोठ्या साहेबलोकांना त्याने शिखरांवर नेऊन सुखरूप आणलं, एकही माणूस गमावला नाही. मग एका संध्याकाळी हरवलेली शेळी शोधायला म्हणून घरामागे गेला आणि परत आला नाही.

"काहीच सापडलं नाही?" मी विचारलं.

"टोपी सापडली," बाई म्हणाल्या आणि डोक्यावरची टोपी त्यांनी जराशी मागे सारली. मला एकदम पाणी प्यावंसं वाटलं.

शेवटची तसबीर योहानची. तो पेनसिल्वेनियात चुनखडीच्या खाणीत कामाला आला. तिकडच्या घरात एक म्हातारी राखणीला ठेवून आला होता. ती पानगळीत वारली आणि घर कितीतरी पिढ्यांत पहिल्यांदा रिकामं राहिलं. दर हिवाळ्यात कोसळणारा लोट तोवर त्या घरापाशी येऊन दोन्ही बाजूंना फाटून जायचा. त्या वर्षी तो सरळ आला. वसंतात योहान बोटीने परत गेला तर घर नव्हतं, गोठा नव्हता, पायाचे दगडसुद्धा नव्हते. बर्फात फक्त मागचं दार चौकटीसकट उभं होतं. बंद. कडी आतून लावलेली.

"आतून?" केतकीने विचारलं.

"आतून."

"पण आत तर काही राहिलंच नव्हतं."

"तेच तर," बाई म्हणाल्या आणि बटाटे सोलायला लागल्या.

योहानने ते दार आगबोटीतून आणलं आणि स्टेट कॉलेजला हे घर बांधलं तेव्हा मागच्या भिंतीत बसवलं. घर गेलं पण दार राहिलं, म्हणून नावही राहिलं.

पहिला बर्फ त्या वर्षी उशिरा पडला. आम्ही दोघींनी आयुष्यात पहिल्यांदा पाहिलेला. फोटो काढून, चाखून, एकमेकींच्या मानेत घालून आम्ही तिन्हीसांजेला आत आलो तर बाईंनी स्वयंपाकघरातला रेडिओ बंद केला होता. हा रेडिओ कधीच बंद नसे. शेगडीही विझवली होती. त्यांनी मागच्या दाराची कडी काढली, दार उघडलं आणि उंबऱ्याच्या आत उभ्या राहिल्या. बाहेर निळसर उजेड. शेजारचा कुत्रा, जो पान पडलं तरी भुंकायचा, तो गप्प. बाईंनी मान जराशी तिरकी केली, फोनवर समोरच्याचं वाक्य संपायची वाट बघतो तशी. आणि मग स्वच्छ, भरल्या आवाजात म्हणाल्या, "योऽ."

एवढंच. दार लावलं, रेडिओ लावला, सूप वाढलं.

"काय होतं ते?" मी विचारलं.

"ओ दिली," असंच काहीसं त्या म्हणाल्या. "हाक आली की द्यायची असते."

हाक तर आम्ही कुणीच ऐकली नव्हती. केतकी त्या रात्री खूप हसली. मी तिच्याबरोबर हसले, पण मला ते फारसं जमलं नाही, कारण माझ्या डोक्यात आई बोलत होती. आमच्याकडे सावंतवाडीला तिन्हीसांजेला बाहेरून हाक आली तर पहिल्या हाकेला ओ द्यायची नाही, हा नियम. दुसऱ्या हाकेलाही नाही. माणूस असेल तर तिसऱ्यांदा हाक मारेल. माणूस नसेल तर मारणार नाही. हाकामारी येते, ओळखीच्या आवाजात नाव घेते, आणि ज्याने ओ दिली तो गेला. लहानपणी आम्ही भावंडं अंगणातून आलेल्या बाबांच्या हाकेलासुद्धा तिसऱ्यांदाच ओ द्यायचो आणि त्यापायी बोलणी खायचो. पुण्यात कॉलेजला असतानाही माझी ती सवय गेली नव्हती. मैत्रिणींना वाटायचं मला कमी ऐकू येतं.

दुसऱ्या वर्षी पहिला बर्फ पडला त्या संध्याकाळी केतकी लॅबमध्ये होती. मी टेबलाशी बसून मटार सोलत होते. बाईंनी रेडिओ बंद केला, दार उघडलं. बर्फ सरळ रेषेत पडत होता, वारा अजिबात नव्हता. आणि मला वाटलं की मागच्या अंगणापलीकडे, झाडांच्या पुढे कुठेतरी कुणीतरी कुणाला तरी बोलावतंय. नाव नाही, शब्द नाही. शेताच्या त्या टोकावरून माणूस दुसऱ्याला हाळी देतो तसं काहीतरी, पण खूप लांबून. शेजारची बाई मुलांना बोलावत असेल, असं मी स्वतःला सांगितलं.

"योऽ," बाई म्हणाल्या. दार लावलं. मग माझ्यासमोर येऊन बसल्या.

"तू ऐकलंस."

"नाही," मी म्हणाले.

"माझ्या आधी तुझी मान वळली," त्या म्हणाल्या.

मी मटार सोलत राहिले. मग त्यांनी मला ते सांगितलं जे सव्वा वर्ष त्या घरात राहूनही आम्हाला कळलं नव्हतं. मी मिस्टर हिंटरलानरांबद्दल काहीतरी विचारलं होतं, म्हणजे त्यांनाही हे ऐकू यायचं का, असं.

"मिस्टर कुणी नव्हतेच," त्या म्हणाल्या. "माझं लग्न झालेलं नाही."

"मग तुम्ही योहानच्या…"

"कुणी नाही. मी नेब्रास्कातून शिकायला आले. वरची खोली भाड्याने घेतली. तू राहतेस तीच. योहानला मूलबाळ नव्हतं. एका हिवाळ्यात तो छातीच्या दुखण्याने अंथरुणावर होता, हाक आली, आणि मी दार उघडून ओ दिली. का दिली मला सांगता येणार नाही. म्हातारा पडल्या पडल्या रडत होता, त्याचं मला वाईट वाटलं. तेव्हापासून गावात सगळे मला या नावाने ओळखतात. मिसेस कुणी लावलं तेही माहीत नाही."

मी जिन्याकडे पाहिलं. बाईंनी माझ्या मनातलं ओळखलं. "कास्पर सैन्यातून पळून आलेला शिपाई होता," त्या म्हणाल्या. "उर्सुला घाटापलीकडून आलेली मोलकरीण. आलोइसला कुणीतरी देवळाच्या पायरीवर टोपलीत ठेवून गेलं होतं. त्या भिंतीवर हिंटरलानर म्हणून जन्मलेलं एकही माणूस नाही. सगळे वर राहायला आलेले."

शेगडीवर पाणी उकळत होतं आणि ती बंद करायला आम्ही दोघी उठत नव्हतो.

"माझ्यानंतर कुणी नाही," त्या म्हणाल्या. हे त्या इतक्या साधेपणाने म्हणाल्या की मला उगाच मोठ्याने काहीतरी बोलून ते पुसून टाकावंसं वाटलं. "मला मरायची भीती नाही. हाक येईल आणि आतून कुणी काही बोलणार नाही, याची आहे. हाक मारणाऱ्या त्या लोटाला एवढंच हवं असतं, घरात कुणी आहे का. कुणी आहे म्हटलं की तो बाजूने जातो."

"इथे कुठे आलाय लोट," मी म्हणाले. "समोर आहे त्याला डोंगर म्हणायलाही लाज वाटते."

"ते त्याला ठाऊक आहे असं तुला वाटतं का?"

तेव्हा मी त्यांना हाकामारीची गोष्ट सांगितली. तीन हाकांचा नियमही. मला वाटलं त्या दुखावतील. पण त्या फार लक्ष देऊन ऐकत होत्या, डॉक्टर जुनं दुखणं ऐकतो तसं. शेवटी म्हणाल्या, "म्हणजे तुझ्या आईच्या माणसांना आणि माझ्या माणसांना तोच भेटलाय. तुमची माणसं गप्प बसायला शिकली, आमची बोलायला." मग जरा थांबून, "पण एक सांगते. तो तीनदा कधीच बोलावत नाही. एकदाच. आणि ओ देणारे मरतात म्हणशील, तर हो, सगळेच मेले. म्हातारे होऊन, अंथरुणात. एक आलोइस सोडून."

आपण आता हसायचं की नाही हे मला कळेना. त्या हसल्या, म्हणून मी हसले. मी त्यांना हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही. त्यांनी परत विचारलं नाही. फक्त त्या हिवाळ्यापासून त्यांची एक नवी सवय मला जाणवायला लागली. मी बोलत असताना त्या माझ्या आवाजाकडे लक्ष द्यायच्या, शब्दांकडे नाही. बाजारात भांडं टिचकी मारून बघतो तसं.

रविवारच्या फोनवर मी आईला अर्धंमुर्धं सांगितलं. आईने तिकडे चालू असलेला टीव्ही बंद केला.

"घर बदल," ती म्हणाली.

"आई, भाडं कमी आहे."

"म्हणून सांगते."

२००३च्या पानगळीत बाई तळघराच्या पायऱ्यांवरून पडल्या आणि खुब्याचं हाड मोडलं. ऑपरेशन झालं, पण मग त्यांना गावाबाहेरच्या एका नर्सिंग होममध्ये ठेवलं. आम्ही बस बदलून भेटायला जायचो. पलंगावरही पाठ ताठ. टोपी मी नेऊन दिली तर त्यांनी परत पाठवली. "ती घरात घालायची असते." आम्ही निघालो की प्रत्येक वेळी खिडकीबाहेर बघून एकच प्रश्न विचारायच्या, आज काय हवामान सांगितलंय. औषधं देणारी एक तरुण मुलगी होती, तिने दारातून 'मिसेस हिंटरलानर' म्हटलं की तिचं वाक्य संपायच्या आत बाई ओ द्यायच्या. ती मुलगी कौतुकाने म्हणायची, इथे सगळ्यांना दोन-दोनदा हाका माराव्या लागतात, पण या बाई किती शार्प आहेत.

त्या वर्षीचा पहिला बर्फ एकदम आला आणि दिवसभर पडत राहिला. ओला, जड. बसेस बंद झाल्या, त्यामुळे नर्सिंग होमला जायचं राहिलं. संध्याकाळी मी खिचडी टाकली होती. केतकी फ्रिज साफ करून कचऱ्याची पिशवी बांधत होती.

"मी हे टाकून येते यार. मग सगळा रस्ता पॅक होईल."

"मागून नको जाऊस."

"का? हिंटूआजीचा लान येईल?" तिने बूट चढवले, सवयीने वाकून ते दार उघडलं आणि ओसरीवर गेली. दार तिच्यामागे अर्धवट उघडंच राहिलं. रेडिओ चालू होता. तो आपोआप बंद झाला असं मी म्हणणार नाही. पण तो मला ऐकू येईनासा झाला, हे खरं. शेजारचा कुत्रा गप्प झाला. आणि हाक आली.

या वेळी ती लांबून नव्हती.

मी जागच्या जागी थांबले. आईचा नियम माझ्या हाडात होता, तो विचार करून पाळावा लागत नव्हता. मी दुसऱ्या हाकेची वाट पाहिली. दुसरी आली नाही. तो तीनदा कधीच बोलावत नाही. मी घाबरले होते. पण तेव्हाच मला नर्सिंग होममधल्या त्या पलंगावर पडलेल्या बाई दिसल्या, खिडकीकडे तोंड करून, कान टवकारून, उठता न येणाऱ्या. आज या घरातून कुणीच काही बोलणार नाही याचं मला भयंकर वाईट वाटलं. भीतीपेक्षा ते वाईट वाटणं मोठं होतं. बाकी मला काही सांगता येणार नाही.

"ओऽ," मी म्हणाले. माझ्या आजोळी देतात तशी, पोटातून.

केतकी ओसरीच्या शेवटच्या पायरीवर होती. ती थांबली, मागे वळली आणि पिशवी हातात धरूनच आत आली. "काय गं? मी कुठे तुला हाक मारली?"

तिचं बोलणं पुरं व्हायच्या आत तिच्यामागे छपरावरचा सगळा बर्फ एका आवाजात खाली आला. पत्र्याची एक पट्टी घेऊन आला. पायऱ्या दिसेनाशा झाल्या. जिथे ती उभी होती तिथे तिच्या डोक्याहून उंच ढीग होता. बारीक भुकटी उडून स्वयंपाकघरात आली, आमच्या केसांवर बसली, खिचडीत पडली.

केतकी कितीतरी वेळ त्या ढिगाकडे बघत राहिली. मग तिने दार लावलं. कडी घातली. "ओला बर्फ, पत्र्याचा उतार, घर्षण कमी," ती म्हणाली. "होतं असं." तिचा आवाज अगदी बारीक येत होता. त्यानंतर केतकीने त्या घरात एकदाही कुणाला हाक मारली नाही. ती कधी त्याबद्दल बोलली नाही आणि मीही बोलले नाही. आता मी ओहायोत डब्लिनला असते, तिथेही त्याच बुटक्या दारातून वाकून बाहेर पडते; केतकी शिकागोला. कधी तिच्याकडे गेले की डेव्हन ॲव्हेन्यूच्या देशी बाजारातल्या गर्दीत आमची चुकामूक होते, पण ती लांबून मला ओरडून बोलावत नाही. गर्दीतून वाट काढत माझ्यापर्यंत येते आणि खांद्याला हात लावते.

रस्ते मोकळे झाल्यावर मी एकटीच बाईंना भेटायला गेले. दुपार होती. बाहेर बर्फावर ऊन पडलेलं, खोलीभर नुसता उजेड. बाई उशीला टेकून बसल्या होत्या आणि मला चमकल्यासारखं झालं, कारण त्यांची पाठ वाकली होती. ताठपणा गेला होता. चेहरा मात्र तरुण दिसत होता, लांबच्या प्रवासाचं सामान कुणाच्या तरी हातात दिल्यावर माणूस दिसतो तसा.

मी खुर्ची ओढून बसले. कसं सांगावं याची मनात जुळवाजुळव करत होते. त्यांनी मला सांगूच दिलं नाही.

"मोठ्याने दिलीस का?"

मी मान डोलावली.

"मला वाटलंच. या वर्षी मला हाक ऐकू आली नाही. वरच्या खोलीत राहायला आले तेव्हापासून हे पहिलं वर्ष." त्यांनी माझा हात आपल्या हातात घेतला. त्यांचा हात ऊबदार होता, माझाच गार होता. "मी दुपारपासून झोपले ती थेट सकाळी उठले. किती छान झोप लागली."

मग त्या नेब्रास्काबद्दल बोलू लागल्या. हे त्यांनी पूर्वी कधीच केलं नव्हतं. मक्याची शेतं, वडिलांची लाल गाडी, जिथे टेकडीसुद्धा नाही अशी सपाट जमीन. त्यांचं पहिलं आडनाव त्यांनी मला सांगितलं. अगदी साधं, चारचौघांत असतं तसं. ते उच्चारताना त्या लहान मुलीसारख्या लाजल्या. त्यानंतर त्या थोडेच दिवस जगल्या. मला थिसिसचं काम होतं, हवामान वाईट होतं. ती आमची शेवटची भेट.

त्या दुपारी मी निघणार, तेवढ्यात औषधांचा ट्रे घेऊन ती तरुण मुलगी दारात आली.

"मिसेस हिंटरलानर?"

बाई खिडकीबाहेर बघत होत्या. हलल्या नाहीत. मला वाटलं ऐकू गेलं नसेल.

"मिसेस हिंटरलानर?" मुलीने जरा मोठ्याने म्हटलं.

बाईंनी मान वळवली. पण मुलीकडे नाही, माझ्याकडे. भुवया किंचित वर, ओठांवर हसू नाही पण डोळ्यांत आहे. दातांच्या दवाखान्यात, वेटिंग रूमच्या दारात उभं राहून नाव पुकारल्यावर कोण उठतंय म्हणून त्या अशाच चेहरे बघत असतील. त्या थांबल्या होत्या. त्यांना काही घाई नव्हती.

मुलीने तिसऱ्यांदा हाक मारली. आईच्या नियमाप्रमाणे आता काही हरकत नव्हती.

मी उठून उभी राहिले.